वाडग्यामागचं जंगल

१९७६ साली जपानच्या फुकुशिमा प्रांतातली काही वयस्कर माणसं कुऱ्हाडी, वाकस आणि दोर घेऊन बीचच्या जंगलात शिरली. लाकडाची वाडगी घडवणारी ही मंडळी. जपानीत त्यांना किजिशी म्हणतात. तरुणपणी ती याच डोंगरांत बिऱ्हाड पाठीवर घेऊन हिंडली होती. एका रानातली कामाची झाडं संपली की झोपडी मोडायची आणि दुसऱ्या रानात जाऊन नवी बांधायची. विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात हे हिंडणं थांबलं आणि ती गावात येऊन शेती करू लागली. आता इतक्या वर्षांनी ती पुन्हा डोंगर चढत होती, कारण हिमेदा तादायोशी या माहितीपटकाराला त्यांचं ते जगणं पहिल्या खांबापासून शेवटच्या वाडग्यापर्यंत चित्रित करायचं होतं.

‘ओकुआइझुचे किजिशी’ ही ती फिल्म, जेमतेम ५५ मिनिटांची. हस्तकलेवरच्या माहितीपटात आपल्याला काय दिसतं याची एक सवय झालेली असते: कारागिराचे सुरकुतलेले हात, मंद प्रकाश, भुसा उडतोय, शेवटी चकचकीत वस्तू. इथे वाडगं दिसायला बराच वेळ लागतो. आधी जागा निवडली जाते, डोंगराच्या देवतेची परवानगी मागितली जाते. मग झोपडीचा सांगाडा उभा राहतो. सासा नावाचा बुटका बांबू त्या रानात माजलेला असतो, त्याच्या पानांनी भिंती आणि छप्पर शाकारलं जातं. ओढ्याचं पाणी झोपडीपर्यंत आणलं जातं. भाता बसवला जातो, कारण किजिशी आपली हत्यारं स्वतःच घडवतात आणि स्वतःच पाजवतात. हे सगळं झाल्यावर कुऱ्हाड झाडाला लागते.

पुढचं काम पाहताना श्रमाची वाटणी लक्षात येते. पुरुष झाड पाडून त्याच्या ओंडक्यातून वाडग्याच्या आकाराचे ओबडधोबड तुकडे काढतात. मग बायका बसतात. तुकडा दोन्ही पायांत घट्ट धरायचा आणि वाकसाने त्याचा आतला भाग कोरत न्यायचा. वाकसाचं पातं पायाच्या बोटांपासून थोड्याच अंतरावर पडत असतं, एकाच लयीत, न चुकता. तिथून तुकडा जातो हाताने ओढायच्या लेथवर. लेथच्या आसाला दोर गुंडाळलेला असतो. एक जण दोराची दोन टोकं आळीपाळीने ओढतो, आस एकदा पुढे फिरतो, एकदा मागे, आणि दुसरा जण फिरत्या लाकडाला पातं लावतो. दोर ओढण्याचं हे काम बहुतेकदा घरातली बाई करायची. ओढणारीचा आणि पातं धरणाऱ्याचा ताल जमला नाही तर वाडगं बिघडतं. म्हणजे दुकानात एका कारागिराचं म्हणून जे विकलं जातं ते मुळात दोघांचं, खरं तर अख्ख्या कुटुंबाचं काम असतं. फुकुशिमाच्या याच आइझु भागात अशा वाडग्यांवर जे लाखकाम होतं त्याविषयी छापलेल्या गुळगुळीत पुस्तिका वाचून मला हे कधी उमगलं नसतं.

या भटक्या वाडगेकारांचा इतिहासही विलक्षण आहे. ते स्वतःला नवव्या शतकातल्या कोरेताका या राजपुत्राचे आश्रित मानत. सिंहासनापासून दूर राहिलेला हा राजपुत्र आजच्या शिगा प्रांतातल्या ओगुरा खोऱ्यात येऊन राहिला आणि त्याने तिथल्या लोकांना लेथ चालवायला शिकवलं, अशी कथा. त्या खोऱ्यातून किजिशींना दाखले मिळत. देशातल्या डोंगरांच्या वरच्या उतारांवरची झाडं तोडायची मुभा आपल्याला आहे, असं ते या दाखल्यांच्या आधारे सांगत. सतराव्या शतकापासून ओगुरा खोऱ्यातली माणसं देशभर फिरून विखुरलेल्या किजिशींची नोंद करत आणि देणगी गोळा करत. म्हणूनच जपानच्या कुठल्याही आडवळणाच्या डोंगरात ओगुरा आडनाव भेटतं. १५९० मध्ये गामो उजिसातो हा सरदार आइझुचा कारभार घेऊन आला, तो मूळचा त्याच शिगाकडचा. त्याने येताना वाडगेकार आणि लाखेचे कारागीर सोबत आणले. आइझुचं लाखकाम नावारूपाला आलं ते तेव्हापासून. पुढे एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात, मेइजी काळात, जंगलांची मालकी कागदोपत्री ठरली, जुने दाखले निरुपयोगी झाले आणि वाडगेकारांचे पाय हळूहळू बांधले गेले.

हिमेदा १९२८ साली कोबेत जन्मला. १९५० च्या दशकात तो टोकियोला आला, नाटकात रमला, टीव्हीसाठी लेखन करू लागला. त्याला वळण लागलं ते मियामोतो त्सुनेइची या लोकसंस्कृतीच्या अभ्यासकाजवळ. मियामोतो म्हणजे जपान पायी पालथा घालणारा माणूस. गावोगावच्या म्हाताऱ्यांजवळ बसून त्यांच्या आयुष्याच्या हकिकती त्याने लिहून घेतल्या. १९६० साली आलेलं त्याचं ‘विस्मृतीत गेलेले जपानी’ हे पुस्तक आजही वाचलं जातं. मियामोतोला आश्रय होता शिबुसावा केइझो यांचा. शिबुसावा पेशाने बँकर, पुढे बँक ऑफ जपानचे गव्हर्नर आणि अर्थमंत्री झाले, पण जीव सगळा मासेमारांच्या जाळ्यांत आणि शेतकऱ्यांच्या पायताणांत. घराच्या माळ्यावर त्यांनी गावगाड्यातल्या वस्तूंचा संग्रह केला आणि १९३० च्या दशकातच खेड्यांत १६ मिलिमीटरचा कॅमेरा नेला. त्यांचा तो संग्रह पुढे ओसाकाच्या राष्ट्रीय मानवजातिशास्त्र संग्रहालयात गेला. शिबुसावा, मियामोतो, हिमेदा अशी ही परंपरा आहे, आणि तिन्ही पिढ्यांचं कुतूहल एकाच गोष्टीविषयी होतं: ज्यांची नावं इतिहासात येत नाहीत ती माणसं जगली कशी.

१९७६ मध्येच हिमेदाने सहकाऱ्यांसह टोकियोत लोकसंस्कृतीच्या चित्रीकरणासाठी एक संस्था उभी केली. २०१३ साली तो गेला तोवर शंभराहून जास्त फिल्म आणि त्याहून अधिक व्हिडिओ या कामातून तयार झाले होते. घाई करण्याला कारणही होतं. १९५५ नंतरच्या दोन दशकांत जपानची अर्थव्यवस्था झपाट्याने वाढली, खेड्यांतली तरुण पिढी कारखान्यांकडे गेली. १९७० साली तर ओस पडत चाललेल्या गावांसाठी सरकारला वेगळा कायदा करावा लागला. वाडगी प्लास्टिकची झाली. ज्यांच्या हातांना जुनं काम आठवत होतं ती माणसं साठी-सत्तरीत पोचली होती.

हस्तकला जपायला जपानने काहीच केलं नव्हतं असं मात्र नाही. उलट जगात फार थोड्या देशांनी इतकं केलं असेल. यानागी सोएत्सु आणि त्यांच्या मित्रांनी १९२० च्या दशकात सामान्य माणसाच्या रोजच्या वापरातल्या वस्तूंचं सौंदर्य लोकांना दाखवलं आणि १९३६ मध्ये टोकियोत त्यासाठी संग्रहालय उघडलं. १९५० च्या सांस्कृतिक वारसा कायद्याने कौशल्यालाच वारसा मानलं; त्यातूनच ज्यांना लोक ‘जिवंत राष्ट्रीय ठेवा’ म्हणतात त्या कारागिरांना मान आणि वार्षिक अनुदान मिळू लागलं. १९७४ मध्ये पारंपरिक हस्तोद्योगांसाठी स्वतंत्र कायदा झाला. यानागींची नजर वस्तूवर होती, कायद्याची कारागिराच्या कौशल्यावर. हिमेदाने कॅमेरा आणखी मागे नेला, जिथून ते कौशल्य ज्या डोंगरावर, ज्या ऋतूत, ज्या शेजाऱ्यांच्या मदतीने उभं राहतं तेही चौकटीत येतं. माझ्या मते त्याचं खरं मोल इथे आहे. वस्तू काचेमागे ठेवता येते, कारागिराला पुरस्कार देता येतो. पण जंगल, पाणी, सण आणि शेजार यांचं जे जाळं त्या वस्तूला जन्म देतं ते तुटलं, तर वस्तू आणि पुरस्कार दोन्ही निराधार होतात.

१९८८ सालच्या ‘करामुशी आणि ताग’ या फिल्ममध्ये हे फार स्पष्ट दिसतं. करामुशी म्हणजे रॅमी, उंच वाढणारी, खोडाच्या सालीत रेशमासारखा चमकदार धागा असणारी वनस्पती. फिल्मच्या नावातला ताग म्हणजे भांगेच्या झाडाचा धागा, आपल्याकडचा ज्यूट नव्हे. निइगाता प्रांतातलं एचिगो-जोफु हे तलम उन्हाळी कापड रॅमीचं. जुन्या काळी ते सामुराईंच्या अंगावर असे. १९५५ मध्ये सरकारने त्याला महत्त्वाच्या अमूर्त वारशाचा दर्जा दिला, २००९ मध्ये ते युनेस्कोच्या यादीत गेलं. एचिगो हे निइगाताचं जुनं नाव; तिथल्या बर्फाचा या कापडाच्या कीर्तीत मोठा वाटा आहे. रॅमीचा धागा कोरड्या हवेत तुटतो, म्हणून बर्फाळ हिवाळ्याच्या दमट हवेत तो कातायचा आणि कमरेला ताण देऊन चालवायच्या मागावर विणायचा. मग फेब्रुवारी-मार्चच्या उन्हात कापड बर्फावर पसरायचं, की ते शुभ्र होतं. पण हा धागा येतो कुठून? डोंगरापलीकडच्या आइझुमधल्या शोवा नावाच्या छोट्या गावातून. हिमेदाचा कॅमेरा मागावर न थांबता त्या शेतात गेला.

मे महिन्याच्या शेवटाला शोवामध्ये करामुशीची शेतं पेटवली जातात. वर आलेले लहानमोठे कोंब जळून जातात आणि नंतर सगळे कोंब एकाच वेळी, एकाच उंचीने फुटतात. शेताभोवती गवताचं कुंपण घालतात, कारण वाऱ्याने खोडं एकमेकांवर घासली तर सालीवर डाग पडतो आणि तेवढा धागा वाया जातो. जुलैच्या मध्यापासून कापणी. कापलेली खोडं थंड वाहत्या पाण्यात भिजवायची, साल सोलायची, परत भिजवायची, मग फळीवर पसरून लोखंडी पात्याने वरचा हिरवा थर खरवडून काढायचा. पात्याचा दाब जास्त पडला तर धागा चिरतो, कमी पडला तर हिरवट राहतो. हे खरवडण्याचं काम बायकांचं. नीट झालेल्या धाग्यावर जी चकाकी येते तिच्यावर भाव ठरायचा.

आणि मग ती गोष्ट कळते, जिच्यामुळे ही फिल्म माझ्या मनात घर करून राहिली. शोवाच्या लोकांनी पिढ्यान्‌पिढ्या करामुशी पिकवली ती बहुतांशी विकायला. स्वतःच्या अंगावरचे कपडे भांगेच्या धाग्याचे, जाडेभरडे. म्हणून फिल्ममध्ये दोन्ही धाग्यांची कहाणी शेजारी शेजारी चालते, एक बाजारासाठी आणि एक घरासाठी. एचिगोच्या कापडाची कीर्ती सांगताना हा आर्थिक सांधा सहसा कुणी दाखवत नाही. कापडाला मान मिळाल्यावर, त्याच्या कच्च्या मालाच्या कौशल्याला कायद्यात जागा मिळायला किमान दोन दशकं जावी लागली. वारसा टिकवायला लागणारी सहायक तंत्रं जपण्याची तरतूदच मुळी १९७५ च्या दुरुस्तीत आली.

‘त्सुबायामा’ ही १९७७ ची फिल्म शिकोकु बेटावरच्या कोची प्रांतातली. फिरत्या शेतीवर जगणारं, उभ्या कड्याला चिकटलेलं गाव. त्यात कागद कुठेच बनत नाही, तरी कागदाच्या कलेविषयी ती खूप सांगते. उतारावरची झाडं तोडून वाळवायची, आग वरून लावायची आणि हळूहळू खाली आणायची, म्हणजे ती आवाक्यात राहते. राखेच्या जमिनीत काही वर्षं भरड धान्य, बकव्हीट, घेवड्यासारखी कडधान्यं. मग त्याच जमिनीत मित्सुमाताची झुडपं. त्यांच्या सालीपासून जपानी हातकागद होतो, जपानच्या नोटांच्या कागदातही मित्सुमाता असते. नंतर जमीन पुन्हा रानाला परत. हातकागदाच्या नाजूकपणाचं कौतुक करताना त्याचा धागा अशा जळालेल्या उतारावर वाढला असेल हे आपल्या ध्यानीमनीही नसतं.

हिमेदाच्या पद्धतीवर एक आक्षेप सहज घेता येतो. किजिशींचं जंगलातलं जगणं १९७६ मध्ये अस्तित्वात नव्हतंच. कॅमेऱ्यासाठी ते पुन्हा उभं केलं गेलं. मग हा माहितीपट म्हणायचा की नाटक? हा प्रश्न आइनू या आदिवासी समाजावरच्या फिल्ममध्ये जास्त टोकदार होतो. होक्काइडो बेटावरच्या निबुतानी गावात हिमेदा १९७० च्या दशकाच्या सुरुवातीपासून जात होता. त्याला तिथे वाट दाखवली कायानो शिगेरु यांनी. कायानो आइनू, भाषेचे आणि वस्तूंचे संग्राहक, पुढे १९९४ मध्ये जपानच्या संसदेत पोचलेले पहिले आइनू. १९७१ मध्ये पारंपरिक आइनू पद्धतीचा विवाह, १९७४ मध्ये लाकूड-गवताचं आइनू घर बांधण्याची सगळी रीत, १९७७ मध्ये इयोमान्ते: हे सगळं तिथे चित्रित झालं. इयोमान्ते म्हणजे घरात लेकरासारखं वाढवलेल्या अस्वलाला त्याच्या देवलोकात परत पाठवण्याचा विधी. अस्वलाचा त्यात बळी जातो. होक्काइडोच्या गव्हर्नरांनी १९५५ मध्ये परिपत्रक काढून हा विधी रानटी ठरवला होता. ते परिपत्रक २००७ साली मागे घेतलं गेलं. म्हणजे चित्रीकरण झालं तेव्हा ते लागूच होतं.

या पुनर्रचनांकडे मी संशयाने पाहत नाही, आणि त्याचं कारण फिल्ममध्येच आहे. माणसं अडखळतात, एकमेकांना विचारतात. एखादी गाठ कशी मारायची यावर दोन म्हाताऱ्यांचं मत वेगळं पडतं. हात आधी चुकतात आणि मग अचानक आठवतात. बघणाऱ्याला हे आठवणं दिसतं, लपवलं जात नाही. आणि निबुतानीत तर विधी पुन्हा करणं ही आइनूंची स्वतःची गरज होती. घर कसं बांधायचं, लग्न कसं लावायचं हे तरुणांना समजावं म्हणून कायानोंसारखी माणसं झटत होती. कॅमेरा त्या धडपडीत सामील झाला. २०१३ मध्ये निबुतानीचं लाकडी तबक ‘इता’ आणि एल्मच्या सालीचं कापड ‘अत्तुश’ यांना पारंपरिक हस्तोद्योग म्हणून सरकारी मान्यता मिळाली. होक्काइडोला अशी मान्यता पहिल्यांदाच मिळत होती. ज्या साली ही मान्यता आली त्याच साली हिमेदा वारला. मात्र त्याच्या निवेदनाविषयी माझी एक तक्रार आहे. फिल्मना बऱ्याचदा त्याचाच आवाज आहे, शांत आणि ऊबदार. पण कधी कधी तो आदर इतका दाट होतो की गावातले हेवेदावे, सावकारी, सुनांचे हाल यांना तिथे जागाच उरत नाही. खेडं काही नुसतं सलोख्याने चालत नसतं.

त्याची सर्वांत मोठी फिल्म ‘एचिगो ओकुमिओमोते: डोंगराने जगवलेले दिवस’, १९८४ ची, जवळजवळ अडीच तासांची. निइगाता प्रांताच्या उत्तरेकडच्या डोंगरातली ओकुमिओमोते ही ४२ घरांची वस्ती धरणाखाली जाणार हे ठरलं होतं. हिमेदाच्या चमूने तिथे घर भाड्याने घेतलं, शेताचा तुकडा कसला आणि चार वर्षं ऋतूंच्या मागे राहून चित्रण केलं. हिवाळ्यात बर्फावरून सशांची शिकार, बर्फ वितळू लागला की अस्वलाची. शिकारीत सामील झालेल्यांना मांसाचा वाटा सारखा. मे महिना झेनमाईचा, म्हणजे डोंगरात उगवणाऱ्या रानटी नेच्याच्या कोंबांचा. अख्खी कुटुंबं डोंगरातल्या झोपड्यांत राहायला जातात, गावच्या शाळेला त्यासाठी सुट्टी असते. कोंब खुडायचे, उकडायचे, उन्हात पसरायचे आणि वाळेपर्यंत पुन्हा पुन्हा हाताने चोळायचे. न चोळलेला कोंब काडीसारखा कडक होतो. घरच्या रोख उत्पन्नाचा मोठा भाग या कोंबांतून यायचा. शरद ऋतूत चेस्टनट, अळंब्या, आणि दगडांच्या ओझ्याखाली अस्वल पकडणारा जुना सापळा, तो कसा रचायचा हे एक म्हातारा करून दाखवतो.

यातल्या कुठल्याच गोष्टीला हस्तकला म्हणून दुकानात जागा नाही. पण बर्फात चालायची गोल चौकट, मासे धरायची टोपली, झेनमाई वाळवायची चटई, सगळं घरी केलेलं. रानाचा कुठला भाग कुणी कधी तोडायचा, किती न्यायचं, काय मागे ठेवायचं याची शिस्त गावाने मिळून पाळलेली. हे ज्ञान वस्तूंपेक्षा नाजूक असतं, कारण ते त्या एका डोंगरालाच लागू पडतं. गावकरी १९८५ मध्ये हलले. वस्ती रिकामी झाल्यावर पुरातत्त्व खात्याने तिथे उत्खनन केलं, तेव्हा हजारो वर्षांपूर्वीच्या जोमोन काळातल्या वस्त्या सापडल्या. चेस्टनट गोळा करणारी आणि नदीत मासे धरणारी माणसं तिथे इतकी जुनी होती. २००० साली धरण पूर्ण झालं आणि खोरं पाण्याखाली गेलं. १९९६ मध्ये हिमेदाने फिल्मचा दुसरा भाग केला, त्यात तो नव्या घरांत राहायला गेलेल्या त्याच माणसांना भेटतो.

अशा रीतीने गावात जाऊन राहणारा तो एकटा नव्हता. ओगावा शिन्सुके आणि त्यांचा चमू १९७० च्या दशकात यामागाता प्रांतातल्या एका खेड्यात जाऊन स्थायिक झाला, भात पिकवू लागला. १९८६ साली त्यांनी त्या गावावर पावणेचार तासांच्या आसपासची फिल्म केली. १९८९ पासून यामागातात दर दोन वर्षांनी भरणारा आंतरराष्ट्रीय माहितीपट महोत्सव ओगावांच्याच प्रेरणेने उभा राहिला. ओगावांच्या फिल्ममध्ये भाताच्या लोंबीचं विज्ञान, गावाच्या दंतकथा आणि नाट्यप्रसंग यांचं धाडसी मिश्रण आहे. हिमेदा असे प्रयोग करत नाही. तो क्रम सोडत नाही, एक कृती संपल्याशिवाय दुसरीकडे जात नाही. त्यामुळे त्याची फिल्म पाहून दहा-वीस वर्षांनी कुणाला ते काम पुन्हा करायचं असेल, तर निदान सुरुवात करता येईल.

शोवा गावाने १९९४ पासून बाहेरच्या तरुणांना वर्षभर गावात ठेवून करामुशी शिकवायला सुरुवात केली. शेत पेटवण्यापासून कापड विणण्यापर्यंत सगळं. या शिकाऊ मुलींना तिथे ओरिहिमे, म्हणजे विणकर राजकन्या, म्हणतात. त्यांच्यापैकी काही जणी शिकून झाल्यावर तिथेच संसार थाटून राहिल्या. ज्या भागात घरं बंद होत चालली आहेत तिथे हे लहान काम नाही.

हिमेदाच्या फिल्म पाहायची संधी मिळालीच तर मी सुरुवात वाडगेकारांपासून करायला सांगेन, कारण तिच्यात त्याची पद्धत सगळ्यात स्वच्छ दिसते. मग करामुशी. ओकुमिओमोते मात्र एका बैठकीत, मध्ये न थांबता पाहावी. एक वर्ष किती लांब असतं, हे तिच्यात तुकड्यातुकड्याने कळत नाही.